मऊ पाठीची कासवं: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

पहिला मोठा पाऊस झाला की आठवडाभर फोन थांबत नाही. कुणाला बांधावर कासव दिसलेलं असतं, कुणाच्या विहिरीत पडलेलं असतं, कुणाच्या गळाला लागलेलं असतं. गेली बरीच वर्षं मी हे फोन घेतोय आणि समोरच्याचा पहिला प्रश्न बहुतेक वेळा एकच असतो: "याची पाठ अशी का लागतेय हाताला?" या प्रश्नाचं नीट उत्तर मिळालं की माणसं त्या जनावराशी नीट वागतात, असा माझा अनुभव आहे. म्हणून नेहमी येणारे प्रश्न इथे एकत्र लिहून काढले आहेत.

मऊ पाठीचं कासव ही कासवाची एक जात आहे का?

एक जात नाही, अख्खं कूळच आहे. शास्त्रीय भाषेत त्याला ट्रायोनिकिडी म्हणतात. या कुळात तीसहून अधिक जाती आहेत आणि त्या आशिया, आफ्रिका आणि उत्तर अमेरिकेत पसरलेल्या आहेत. भारतात सात-आठ जाती आहेत. ही सगळी गोड्या पाण्यातली कासवं. नदी, तळं, भातखाचर, कालवा, शेततळं, जिथे पाण्याखाली चिखल किंवा वाळू असेल तिथे ती राहतात. हे कूळ फार जुनं आहे. डायनासोर पृथ्वीवर फिरत होते तेव्हाही मऊ पाठीची कासवं नद्यांत होती आणि त्यांच्या अंगाची घडण तेव्हाही साधारण अशीच होती.

कवच खरंच मऊ असतं का? आत हाड नसतंच?

हाड असतं. हा गैरसमज इतका घट्ट बसलेला आहे की इथे थोडं थांबून सांगतो.

नेहमीच्या टणक कासवाचं कवच दोन थरांचं असतं. वरचा थर खवल्यांचा. आपली नखं किंवा गाईची शिंगं ज्या द्रव्याची असतात, त्याच द्रव्याच्या या फरशा एकमेकींना लागून बसवलेल्या असतात. त्याखाली हाडांचा थर, आणि तो थेट बरगड्यांना आणि पाठीच्या कण्याला जोडलेला. म्हणजे कवच हे कासवाचं घर नाही, त्याचा सांगाडा आहे. "कासव कवचातून बाहेर येतं का?" असंही पुष्कळ जण विचारतात. नाही येत. आपण आपल्या बरगड्यांतून बाहेर येऊ शकत नाही, तसंच ते.

मऊ पाठीच्या कासवात वरचा खवल्यांचा थर अजिबात नसतो. त्याच्या जागी जाड, गुळगुळीत कातडी असते. खालचा हाडांचा थर असतो, पण लहान झालेला. पाठीच्या मधोमध हाडांची एक तबकडी असते आणि तिच्याभोवती सगळीकडून रुंद कड असते, ती फक्त कूर्चा आणि कातडीची. कूर्चा म्हणजे काय हे पाहायचं तर स्वतःच्या कानाचा वरचा भाग दुमडून सोडून द्या. दुमडतो आणि परत जागेवर येतो. कासवाच्या पाठीची कड अशीच वागते.

मेलेल्या कासवाची हाडाची तबकडी नदीकाठी कधीतरी सापडते. ती हातात घेऊन पाहण्यासारखी असते. वरचा भाग गुळगुळीत नसतो. पाथरवटाने नुकतीच टाकी लावलेल्या पाट्यासारखा तो खळगे-खळग्यांचा असतो, बोट फिरवलं की खरखर जाणवते. वरची कातडी या खडबडीत हाडाला घट्ट धरून बसलेली असते. तबकडीच्या कडेने बरगड्यांची टोकं सुटी बाहेर आलेली दिसतात, छत्रीचं कापड फाटल्यावर काड्या दिसाव्यात तशी.

पोटाच्या बाजूलाही असंच. तिथली हाडं सुटी सुटी, मध्ये मोकळी जागा ठेवणारी, त्यावर पातळ कातडी. टणक कासवाचं पोट म्हणजे सलग पाट असतो, इथे तसं काही नाही. त्यामुळे हे कासव उलथं टाकणं किंवा पोटावर दाब देऊन धरणं त्याला फार त्रासाचं असतं.

मग एवढं संरक्षण सोडून याला मिळालं काय?

वेग आणि वाळू. जड खवलं नाहीत, हाड कमी, शरीर चपटं, कड लवचीक. असं शरीर पाण्यातून सपकन जातं आणि नदीच्या तळाशी वाळूत दोन-चार हिसक्यांत गडप होतं. कड हलवून ते अंगावर वाळू ओढून घेतं. शेवटी वर राहतं फक्त नाकाचं टोक आणि डोळे. कोरड्या जमिनीवरही ही कासवं कासवाच्या मानाने चांगलीच पळतात. "कासवगती" हा शब्द यांना पाहून झालेला नाही एवढं नक्की.

शेततळ्यात सापडलेल्या कासवाची खवलं गळून गेलीत. आजारी आहे का?

पाठ सगळीकडे सारखी गुळगुळीत असेल, नाक नळीसारखं पुढे आलेलं असेल आणि प्रत्येक पायाला तीनच नखं दिसत असतील, तर ते आजारी नाही. ते असंच असतं. त्याला हळद लावू नका, तेल लावू नका, उन्हात "वाळवायला" ठेवू नका. हे तिन्ही उपाय केलेले मी पाहिले आहेत. उन्हाने तर त्याच्या अंगातलं पाणी झपाट्याने कमी होतं, कारण वर खवल्यांचं आच्छादन नाही.

याच्या उलट, खवलं असलेल्या कासवाची पाठ बोटाने दाबली जात असेल तर ते खरोखर आजारी आहे. कॅल्शियम आणि ऊन कमी पडल्याने हाड मऊ होतं. टाकीत ठेवलेल्या कासवांमध्ये हे फार दिसतं. त्याला प्राण्यांच्या डॉक्टरकडे न्यायला हवं.

नाक असं सोंडेसारखं का?

श्वासासाठी. नाकपुड्या एका मऊ, लांबट नळीच्या टोकाशी असतात. कासव तळाशी पुरलेलं राहतं, मान लांब करून फक्त नळीचं टोक पाण्याबाहेर काढतं, हवा घेतं आणि परत खाली. तळ्याच्या काठी शांत बसलात तर पाण्यावर करंगळीच्या टोकाएवढं काहीतरी उगवतं आणि मिटतं, त्याभोवती बारीक वलय उठतं. तेच ते. पहिल्यांदा ओळखता आलं की मग तळ्यात एकाच जागी चार-पाच दिसू लागतात.

तोंडाकडेही जरा नीट पाहा. टणक कासवाच्या जबड्याची चोच उघडी दिसते. या कुळात चोचीवर मांसल ओठ असतात, म्हणून चेहरा मवाळ वाटतो. ओठांच्या आतली कड मात्र धारदार असते.

म्हणजे चावतं?

हो. आणि मान तुमच्या अंदाजापेक्षा लांब येते. आत ओढलेली असताना मान इंग्रजी एस अक्षरासारखी उभी दुमडलेली असते, सुटली की बाजूला आणि पाठीवरूनही मागे पोचते. टणक कासव जसं दोन्ही हातांनी कडेला, मधोमध धरतात तसं याला धरलंत तर बोट सापडतं. लहान कासव असेल तर मागच्या पायांच्या जवळ, पाठीच्या मागच्या भागाला धरायचं, ते खाली जमिनीजवळच ठेवायचं आणि लगेच टबमध्ये सोडायचं. शेपटीने उचलायचं नाही. मोठं असेल तर हात लावूच नका, ओलं गोणपाट टाकून थांबा आणि माहितगार माणसाला बोलवा.

हे जनावर स्वतःहून अंगावर येत नाही. पाण्यात पाय सोडून बसलेल्या माणसाच्या वाटेला ते जात नाही. घाबरून, पकडल्यावर चावतं, आणि त्यात त्याचा दोष नाही.

नखं किती असतात? आमच्याकडे एक जण वीस नखांचं कासव मागतोय.

या प्रश्नासाठीच हे सगळं लिहावंसं वाटलं, असं म्हटलं तरी चालेल.

मऊ पाठीच्या कासवाच्या प्रत्येक पायाला तीन नखं असतात. चार पायांची मिळून बारा. बोटं पाचच असतात, पण उरलेली दोन बोटं पडद्यात गुंडाळलेली असतात, त्यांना नख नसतं. कुळाचं शास्त्रीय नावही यावरूनच पडलंय, त्या ग्रीक शब्दाचा अर्थ "तीन नखांचं".

आपल्याकडच्या तळ्यांत आढळणाऱ्या काळ्या टणक पाठीच्या कासवाच्या पुढच्या पायांना पाच-पाच आणि मागच्या पायांना चार-चार नखं असतात, म्हणजे अठरा. बेरीज कशीही करा, वीस येत नाहीत. तरी "वीस नखी कासव आणा, पैशांचा पाऊस पाडून देतो" म्हणणाऱ्या टोळ्या महाराष्ट्रात आहेत. मांडुळाच्या नावावर चालतो तोच हा धंदा. बातम्यांमध्ये पकडलेली कासवं दिसतात तेव्हा त्यांत पुष्कळदा साधी फ्लॅपशेल, म्हणजे मऊ पाठीच्याच एका नेहमीच्या जातीची कासवं असतात. गोणीत कोंबलेली, काहींचे पाय दोरीने आवळलेले. मागणाऱ्याला वीस नखं मिळत नाहीत म्हणून तो आणखी कासवं मागवत राहतो. एक गेलं, दुसरं आलं.

तुमच्या गावात असं कुणी विचारत फिरत असेल तर गप्प बसू नका. वन विभागाचा १९२६ हा क्रमांक आहे, त्यावर सांगा. यात वन्यजीव कायदा लागतोच, आणि पैशांच्या पावसाचं आमिष दाखवून लुबाडणाऱ्याला महाराष्ट्राचा २०१३ चा जादूटोणाविरोधी कायदाही लागतो.

पाण्याखाली श्वास घेतं हे खरं का?

बऱ्याच अंशी खरं. फुप्फुसं आहेतच आणि हवेसाठी वर यावंच लागतं. पण या कुळातल्या कासवांची कातडी पाण्यातला प्राणवायू काही प्रमाणात शोषू शकते. शिवाय घशाच्या आत बारीक बारीक लव असते, केसांसारखी. कासव तोंडात पाणी घेतं, सोडतं, पुन्हा घेतं, आणि या लवेतूनही प्राणवायू मिळतो. म्हणून शांत पडून असताना ते फार वेळ खाली राहू शकतं.

चीनकडच्या मऊ पाठीच्या कासवाबद्दल २०१२ मध्ये सिंगापूरच्या संशोधकांनी एक फार विलक्षण गोष्ट दाखवून दिली. आपण जो युरिया लघवीवाटे टाकतो, तो हे कासव मुख्यतः तोंडातून टाकतं. कोरड्यावर असतानाही ते डबक्यात डोकं बुडवून चूळ भरल्यासारखं करतं, ते यासाठी.

मात्र जाळ्यात अडकलेलं कासव बुडून मरतं. धडपडताना लागणारी हवा कातडीतून पुरी पडत नाही. नदीत रात्रभर जाळं लावून ठेवणाऱ्या भोई मंडळींना माझी विनंती असते की पहाटे लवकर जाळं पाहा. पुष्कळ जण ऐकतात. उलट, कुठल्या डोहात कासव आहे हे त्यांच्याइतकं कुणालाच माहीत नसतं.

महाराष्ट्रात कोणती मऊ पाठीची कासवं दिसतात?

प्रामुख्याने दोन.

पहिलं, भारतीय फ्लॅपशेल. हे सगळ्यात जास्त दिसणारं. विदर्भातले मालगुजारी तलाव, भातखाचरं, कालवे, गावतळी, अगदी शहराच्या कडेची गढूळ डबकीही त्याला चालतात. आकाराने फार तर फूटभर किंवा थोडं जास्त. पाठ अंड्याच्या आकाराची, मधे फुगीर, रंग मातकट हिरवा ते तपकिरी. उत्तरेत गंगा आणि सिंधूच्या खोऱ्यात याच कासवाच्या पाठीवर पिवळे ठिपके असतात. आपल्याकडच्यांच्या पाठीवर ते सहसा नसतात, त्यामुळे इंटरनेटवरचा ठिपक्यांचा फोटो पाहून "आमचं वेगळं आहे" असं वाटण्याचं कारण नाही.

दुसरं, लीथचं कासव. हे दख्खनच्या मोठ्या नद्यांचं, कृष्णा-गोदावरीच्या खोऱ्यांचं. पाठ गोल आणि चपटी, लांबी साठ सेंटिमीटरच्या वर जाऊ शकते. डोकं हिरवट, डोळ्यांच्या मधून मानेकडे जाणारी काळी रेघ आणि तिच्या दोन्ही बाजूंना तिरप्या रेघा. १८७२ साली जॉन ग्रे यांनी त्याचं पहिलं शास्त्रीय वर्णन केलं ते पुण्याहून मिळालेल्या नमुन्यावरून, आणि नाव दिलं मुंबईतल्या अँड्र्यू लीथ या डॉक्टरांचं. जगात फक्त भारतात, आणि तेही मुख्यतः दक्षिणेत सापडणारं हे कासव आज अतिसंकटग्रस्त यादीत आहे. पुण्याच्या नावाने जगाला ओळख झालेलं जनावर पुणेकरांपैकी किती जणांनी पाहिलंय, हा विचार मला दर वेळी अस्वस्थ करतो.

या दोघांत चटकन फरक कसा ओळखायचा?

मागच्या पायांकडे पाहा. फ्लॅपशेल हे नावच त्यावरून आलंय.

मागच्या वर्षी जूनमध्ये एका भातखाचराच्या बांधावर असं कासव मिळालं. बशीएवढं. मी वाकलो तसं त्याने आधी डोकं आत घेतलं आणि पोटाचा पुढचा भाग बिजागरीवर असल्यासारखा वर उचलून समोरचं दार बंद केलं. मग मागचे पाय ओढले. पोटाच्या मागच्या कडेला कातडीच्या दोन झडपा असतात, अर्धगोल, ओल्या चपलेच्या पट्ट्याएवढ्या जाड. त्या दोन्ही पायांवर एकामागून एक मिटल्या, चिखलाचा थोडा पचकन आवाज झाला. आता त्या जनावराला ना डोकं ना पाय. एक गोळा फक्त. दहा मिनिटं मी हललो नाही. आधी समोरच्या फटीतून नाकाची नळी आली, श्वास घेतला, परत आत. मग हळूच उजवीकडची झडप उघडली.

लीथच्या कासवाला आणि त्याच्या जवळच्या नातलगांना या झडपा नसतात. तेव्हा झडप आहे म्हणजे फ्लॅपशेल, नाही म्हणजे दुसरं काहीतरी. यासाठी कासव उलथं करायची गरज नाही, मागून वाकून पाहिलं तरी कळतं.

झडपांचा उपयोग उन्हाळ्यात आणखी होतो असं दिसतं. तळं आटलं की फ्लॅपशेल चिखलात खोल पुरून घेतं आणि पावसापर्यंत तसंच पडून राहतं. मे महिन्यात गाळ काढताना जेसीबीच्या बकेटमध्ये येणारी कासवं ती हीच. मेलेली वाटतात, मेलेली नसतात. गाळासकट उचलून ओलसर सावलीत ठेवा आणि वन विभागाला कळवा.

पिल्लाच्या पाठीवर डोळ्यांसारखी नक्षी आहे. ही वेगळी जात का?

लीथच्या पिल्लांच्या पाठीवर अशी डोळ्यांसारखी वर्तुळं असतात, साधारण चार ते सहा. वाढत्या वयात ती पुसट होतात. गंगेकडच्या "मोरपंखी" कासवाच्या पिल्लांवर चार मोठी ठळक वर्तुळं असतात, त्यावरूनच ते नाव. दोघं एकाच गटातली, म्हणून सारखेपणा.

भारतातली बाकीची कोणती?

गंगेतलं मोठं मऊ पाठीचं कासव, ज्याची पाठ नव्वद सेंटिमीटरच्या वर जाते. मेलेलं मांस खाऊन नदी साफ करतं म्हणून गंगा कृती योजनेत ही कासवं वाराणसीजवळ मुद्दाम सोडली होती. आसामातलं काळं मऊ पाठीचं कासव, ज्याची गोष्ट थक्क करणारी आहे. २००२ मध्ये ते जंगलातून नामशेष झालं असं जाहीर झालं होतं. बांगलादेशात चितगावच्या बायजीद बोस्तामी दर्ग्याच्या तळ्यात आणि आसामातल्या देवळांच्या तळ्यांत लोकांनी श्रद्धेने जपली म्हणून ती उरली, आणि नंतर आसामच्या पाणथळ भागांत मोकळ्यावरही ती असल्याचं कळलं.

चित्रा नावाचं एक आहे, एक मीटरहून लांब पाठीचं, आणि डोकं मात्र शरीराच्या मानाने इतकं चिंचोळं की डोळे अगदी नाकाच्या टोकाशी आल्यासारखे दिसतात. ते वाळूत पुरून बसतं आणि मासा वरून गेला की मान बाणासारखी सोडतं. आणि केरळातल्या चंद्रगिरी नदीत आढळणारं कँटरचं महाकाय कासव. त्याचं डोकं उलट रुंद, बेडकासारखं.

नर-मादी कसे ओळखायचे?

शेपटीवरून. नराची शेपटी लांब आणि जाड, मादीची आखूड. बहुतेक जातींत मादी नराहून मोठी. लहान पिल्लांत बाहेरून सांगता येत नाही. समुद्री कासवांमध्ये वाळूच्या तापमानावर नर-मादी ठरतात हे कोकणात वेळासला समुद्री कासवांची पिल्लं पाहायला जाऊन आलेल्यांनी ऐकलेलं असतं. मऊ पाठीच्या ज्या कासवांचा अभ्यास झालाय त्यांच्यात ते आपल्यासारखं गुणसूत्रांवर ठरतं.

आणखी एक मौज. टणक पाठीच्या समुद्री कासवाची अंडी चामड्यासारखी मऊ असतात, आणि या मऊ पाठीच्या कासवांची अंडी गोल, टणक, ठिसूळ कवचाची.

कासवी नुसत्या नजरेने पिल्लं वाढवते, हे खरं का?

आपल्या संतवाङ्मयात ही कल्पना पुष्कळ येते आणि मला ती मनापासून आवडते. गुरूची कृपादृष्टी सांगायला यापेक्षा सुंदर उपमा नाही. प्रत्यक्षात मादी काठावर खड्डा करून अंडी घालते, माती सारखी करते आणि पाण्यात निघून जाते. पिल्लं स्वतःच बाहेर पडतात, स्वतःच पाणी शोधतात. म्हणूनच तो काठ जागेवर राहणं इतकं महत्त्वाचं. घाट बांधला, पिचिंग केलं, जेसीबीने वाळू काढली, की अंड्यांसह पुढची पिढी गेली.

हळदीसारखं पिवळंधमक कासव व्हायरल झालं होतं. खरं होतं का?

खरं होतं. जुलै २०२० मध्ये ओडिशातल्या बालेश्वर जिल्ह्यात सापडलं, पुढे पश्चिम बंगाल आणि नेपाळमधूनही अशीच बातमी आली. ती वेगळी जात नव्हती, फ्लॅपशेलच होतं. जन्मतःच गडद रंगद्रव्य तयार होत नसल्याने फक्त पिवळा उरतो. असं पिल्लू चिखलात लपू शकत नाही, त्यामुळे जगणं अवघड.

लेदरबॅक समुद्री कासवही मऊ पाठीचंच ना?

त्याच्या पाठीवरही खवल्यांऐवजी कातडी असते, पण ते वेगळ्या कुळातलं. पाय वल्ह्यासारखे, नाकाला नळी नाही. मऊ पाठीच्या कासवांचा खरा जवळचा नातलग म्हणजे न्यू गिनी आणि उत्तर ऑस्ट्रेलियातलं डुक्करनाक्या कासव. त्यालाही खवलं नाहीत आणि नाक पुढे आलेलं.

जगात सगळ्यात दुर्मीळ कोणतं?

यांगत्सेचं महाकाय मऊ पाठीचं कासव. हनोईच्या होआन किएम तलावातलं, लोक ज्याला पुज्य मानत, ते जानेवारी २०१६ मध्ये गेलं. चीनमध्ये सुझौच्या प्राणिसंग्रहालयातली मादी एप्रिल २०१९ मध्ये गेली. व्हिएतनामच्या डोंग मो तलावात २०२० मध्ये एक मादी पकडून खात्री केली, तेव्हा जगभर आनंद झाला होता. २०२३ मध्ये तीही मेलेली आढळली. उरलेल्यांची मोजणी हाताच्या बोटांवर होते.

घरात पाळता येईल का?

नाही. भारतातली मऊ पाठीची कासवं वन्यजीव संरक्षण अधिनियम १९७२ खाली संरक्षित आहेत. फ्लॅपशेल पहिल्या अनुसूचीत आहे, म्हणजे वाघाच्या रांगेत. पकडणं, बाळगणं, विकणं यासाठी तीन ते सात वर्षं कैद होऊ शकते. लीथच्या कासवाला नोव्हेंबर २०२२ मध्ये, भारताच्या प्रस्तावावरून, आंतरराष्ट्रीय व्यापारबंदीच्या वरच्या यादीतही घेतलं गेलं. यांची पाठीची कड, म्हणजे तीच कूर्चा, कापून वाळवून परदेशात पाठवण्याचा धंदा उत्तरेत चालतो. ज्या कडेच्या जोरावर ते वाळूत लपतं, तिच्यासाठीच त्याला मारतात.

"वास्तूसाठी ठेवायचंय" म्हणणाऱ्यांना मी पितळी कासव सुचवतो.

विहिरीत किंवा देवळाच्या कुंडात सोडलं तर?

विहिरीत कासव सोडलं की पाणी स्वच्छ राहतं, असं आपल्याकडे मानतात. ते किडे, बेडूक, मेलेलं काहीबाही खातं हे खरं. पण बांधीव विहिरीतून त्याला वर येता येत नाही, अंडी घालायला माती मिळत नाही. जगतं, पण वंश तिथेच संपतो.

कुंडाचं सांगतो. एका देवस्थानच्या कुंडात फार जुनी फ्लॅपशेल होती. जीर्णोद्धारात गाळ काढून तळाला सिमेंटचा कोबा केला. पाणी निळंशार दिसू लागलं, भाविक खूश. चार महिन्यांनी मला बोलावलं, "कासवांना फोड आलेत." एक वर घेतलं तर पोटाची कातडी घासून घासून लाल, दोन ठिकाणी खोल जखमा. दिवसभर ती पुरून घ्यायचा प्रयत्न करत होती आणि खाली पुरून घ्यायला काही नव्हतं. मी विश्वस्तांना कुंडाच्या एका कोपऱ्यात बारीक नदीची वाळू टाकायला सांगितली. वितभर थर पसरेपर्यंत संध्याकाळ झाली. वाळू पाण्यात बसायच्या आतच पहिलं कासव तिच्यात शिरलं होतं.

गळ अडकलाय, तोंडात. ओढून काढू का?

नको. ओढलं तर घसा फाटतो. दोर वीतभर ठेवून कापा, कासव ओल्या कापडाखाली टबमध्ये ठेवा, टबात बुडेल इतकं पाणी नको, आणि १९२६ वर फोन करा.

पावसात रस्ता ओलांडताना दिसलं, तर कुठे नेऊन सोडू?

कुठेही नेऊ नका. गाडी बाजूला लावा, मागून येणाऱ्यांना हात करा आणि त्याला जाऊ द्या. अगदीच वाहनांची गर्दी असेल तर मागच्या बाजूने उचला आणि त्याचं तोंड ज्या दिशेला होतं, त्याच बाजूला रस्त्याखाली ठेवा. पाणी अलीकडे दिसत असलं तरी पलीकडेच. जून-जुलैत निघालेलं कासव चुकलेलं नसतं. त्याला पलीकडचं खाचर माहीत असतं.